जात्यापाशी बसलेला फ्रेंच माणूस





मागच्या महिन्यात रविवारच्या धर्मशिक्षणाच्या वर्गात आम्ही मुलांना एक सोपा प्रश्न विचारला. फ्रान्स देशातील माणसांची नावे सांगा. पहिले नाव आले एम्बापे. दुसरे नेपोलियन. एका मुलीने आयफेल म्हटले आणि सगळा वर्ग हसला, तो तर टॉवर आहे म्हणून. पण ती मागे हटली नाही. आयफेल नावाचा इंजिनियर होता, त्याच्या नावावरून टॉवरचे नाव पडले, असे तिने ठणकावून सांगितले. तिचेच बरोबर होते. मग आम्ही संतांची नावे विचारली. छोट्या फुलाची संत तेरेसा, लुर्दची बर्नादेत, जोन ऑफ आर्क. संत व्हिन्सेंट द पॉल यांचे नाव एकाने घेतले, कारण त्यांच्या नावाच्या मंडळातून आजोबा गरिबांच्या घरी शिधा पोचवतात. वर्ग खूश होता. शेवटी आम्ही विचारले, आपल्या पुण्याशी आणि आपल्या मराठीशी जोडलेला एखादा फ्रेंच माणूस सांगता येईल का? कोणी काही बोलेना. खरे सांगायचे तर वर्ग घेणाऱ्यांपैकीही दोघे गप्पच होते.

अशा काही माणसांविषयी आज आपल्याशी बोलायचे आहे. पण त्याआधी आम्हाला एक कबुली द्यायची आहे. ती दिल्याशिवाय पुढचे लिहिणे खोटे ठरेल.

दोन वर्षांपूर्वी मे महिन्याच्या अखेरीस, पवित्र मरियेच्या भेटीच्या सणाच्या संध्याकाळी, आपल्या चर्चच्या आवारात जपमाळ झाली आणि नंतर छोटासा कार्यक्रम होता. लहान मुलांचा नाच, युवक मंडळाची दोन गीते. मध्येच मागच्या खुर्चीवरून एक आजी उठल्या. श्रीरामपूरकडच्या एका खेड्यातून त्या मुलाकडे, अप्पर इंदिरानगरला राहायला आल्या होत्या. त्यांनी माईक मागितला आणि ओवी म्हणायला सुरुवात केली. चाल जात्यावरची, संथ. मरियामाय डोंगराच्या वाटेने एलिझाबेथच्या घरी निघाली आहे, अंगावर दिवस आहेत, पदरात भाकरी बांधली आहे, आणि ओवी म्हणणारी बाई विचारते आहे की बाई ग, या भाकरीचे पीठ तुला कोणी दळून दिले? एवढे झाले आणि आम्ही घड्याळाकडे पाहिले. पुढे जेवण होते, ध्वनिवर्धकाची वेळ संपत आली होती, आणि मागची काही मुले आजींच्या उच्चारांना हसत होती. आमच्यातील एकाने पुढे जाऊन, हसत, अगदी प्रेमाने, आजींच्या हातातून माईक काढून घेतला. ‘आजी, छान झालं, आता बसा.’ टाळ्याही वाजल्या.

त्यानंतरच्या पावसाळ्यात आजी धाकट्या मुलाकडे गावी गेल्या आणि तिकडेच देवाघरी गेल्या. त्यांच्या सुनेला आम्ही नंतर विचारले. तिला चाल आठवते, शब्द आठवत नाहीत. मरियेला पीठ कोणी दळून दिले याचे उत्तर त्या ओवीच्या पुढच्या ओळीत होते, आणि ती ओळ आता कोणालाच ठाऊक नाही.

आता फ्रेंच माणसांकडे वळू या.

सुरुवात एका मुलीपासून करू, कारण तिचा आणि दळणाचा जवळचा संबंध आहे. बर्नादेत सुबिरू हिचा जन्म १८४४ साली लुर्द गावातील एका पाणचक्कीत झाला. तिचे वडील पीठ दळून देण्याचा धंदा करीत. तो धंदा बुडाला, घर गेले, आणि शेवटी सगळे कुटुंब एकेकाळच्या तुरुंगाच्या अंधाऱ्या खोलीत येऊन राहिले. बर्नादेत दम्याने आजारी असे. तिला धड लिहितावाचता येत नव्हते आणि शाळेतली शुद्ध फ्रेंच भाषाही येत नव्हती. ती बोलत असे ती त्या डोंगराळ प्रांताची बोली, जी शहरातल्या लोकांना गावंढळ वाटे. ११ फेब्रुवारी १८५८ या दिवशी गुहेपाशी तिला पवित्र मरियेचे पहिले दर्शन झाले, आणि २५ मार्चला मरियेने आपण कोण आहोत हे सांगितले. ते तिने बर्नादेतच्या बोलीत सांगितले. शुद्ध फ्रेंचमध्ये नाही, आणि त्या काळच्या ख्रिस्तसभेच्या लॅटिनमध्येही नाही. दुसरी एक गोष्ट बर्नादेतच्या मनाला आणखी लागली होती. त्या बाईने तिला ‘तू’ म्हटले नाही, ‘तुम्ही’ म्हटले. बुडालेल्या गिरणीवाल्याच्या चौदा वर्षांच्या मुलीला असे आदराने बोलणारे गावात कोण होते?

लुर्दच्या गुहेच्या प्रतिकृती आपल्या कितीतरी चर्चच्या आवारात आहेत. तिथे मेणबत्ती लावताना ही बोलीची आणि ‘तुम्ही’ची गोष्ट आपल्यापैकी किती जणांच्या मनात येते, ते ज्याचे त्याने पाहावे.

बर्नादेतच्या दोन शतके आधी एक फ्रेंच माणूस मराठीच्या दारात येऊन उभा राहिला होता. फादर एतिएन द ला क्रुआ, येशूसंघाचे धर्मगुरू, जन्म १५७९. ते १६०२ साली गोव्याला आले आणि साष्टी भागात त्यांनी सेवाकार्य केले. त्याच भागात तेव्हा फादर थॉमस स्टीफन्स होते, ते इंग्रज. स्टीफन्स यांचे ‘ख्रिस्तपुराण’ १६१६ साली छापले गेले हे आपल्यातील पुष्कळांना माहीत असते. परंतु त्यांच्या पाठोपाठ या फ्रेंच धर्मगुरूंनी संत पेत्राच्या जीवनावर मराठीतच एक मोठे पुराण रचले, हजारो ओव्यांचे, आणि ते १६२९ ते १६३४ या काळात गोव्यात छापले गेले, हे फारसे कोणाला ठाऊक नसते. ज्ञानेश्वर आणि एकनाथ यांनी जो छंद वापरला तोच छंद समुद्रापलीकडून आलेल्या माणसाने शिकून घेतला. हे काम सोपे नाही. आपल्यापैकी कोणी चार ओव्या जुळवून पाहाव्यात.

तरीही एक गोष्ट लपवून ठेवणे योग्य होणार नाही. त्या ग्रंथाच्या लांबलचक पोर्तुगीज नावातच म्हटले आहे की या पूर्वेकडील धर्मांच्या चुका यात खोडून काढल्या आहेत. म्हणजे भाषा आपली घेतली, छंद आपला घेतला, पण तो घेतला इथल्या लोकांना त्यांचे चुकते कुठे हे सांगण्यासाठी. आज ते वाचताना आपल्याला संकोच वाटतो आणि तो वाटायलाच हवा. फादर क्रुआ मोठ्या कष्टाचे आणि प्रामाणिक माणूस होते यात शंका नाही. ते आपल्या काळाप्रमाणे बोलले. पुढे १६८४ साली पोर्तुगीज सत्तेने एक फर्मान काढून गोव्यातील लोकांनी आपली भाषा सोडून तीन वर्षांत पोर्तुगीज बोलावी असे ठरवले. ज्या भाषेत पेत्राचे चरित्र गायले गेले, त्याच भाषेच्या तोंडाला कुलूप घालायला ख्रिस्ती राज्यकर्तेच पुढे आले. माईक काढून घेण्याची सवय अशी जुनी आहे.

त्यानंतर आपण एकदम पुण्यात येऊ.

१९५० च्या दशकात येशूसंघाचे एक तरुण फ्रेंच सदस्य पुण्यात मराठी शिकत होते. नाव गी दलरी, जन्म १९२२. तुकारामांच्या अभंगांनी त्यांना इतके वेड लावले की त्यांनी निवडक अभंगांचे फ्रेंच भाषांतर केले, आणि ते १९५६ साली पॅरिसच्या गालिमार या नामांकित प्रकाशनाने छापले. त्या पुस्तकाच्या नावाचा अर्थ होतो ‘यात्रेकरूची स्तोत्रे’. स्तोत्रे हा शब्द फ्रेंच ख्रिस्ती वाचकाला थेट दाविदाच्या स्तोत्रसंहितेकडे घेऊन जातो, हे त्यांना पुरते माहीत होते.

दलरी पुस्तकांवर थांबले नाहीत. ते वारीत चालले. आळंदीहून निघून पुण्यातून दिवे घाट चढून सासवड, आणि पुढे पंढरपूरपर्यंत, सुमारे अडीचशे किलोमीटर. आपल्याला वारी परकी नाही. ज्येष्ठ महिन्यात दोन्ही पालख्या पुण्यात दोन रात्री मुक्काम करतात, ज्ञानोबांची भवानी पेठेत आणि तुकोबांची नाना पेठेत, आणि त्या दोन दिवसांत स्वारगेटपासून मार्केट यार्डापर्यंत वारकऱ्यांचीच गर्दी असते. आपल्या धर्मग्रामातील काही कुटुंबे त्यांना पाणी आणि केळी देतात, ते आम्ही पाहिले आहे. त्या चालण्यातून आणि अभ्यासातून दलरी यांचा विठोबाच्या उपासनेवरचा इंग्रजी ग्रंथ तयार झाला. तो १९६० साली येरवड्याजवळच्या आपल्या डेक्कन कॉलेजने प्रसिद्ध केला आणि वारकरी संप्रदायाचे अभ्यासक आजही त्याचा आधार घेतात.

हे साल ध्यानात ठेवावे. इतर धर्मांत जे सत्य आणि पवित्र आहे त्यातील काहीही ख्रिस्तसभा नाकारत नाही, असे दुसऱ्या व्हॅटिकन परिषदेने जाहीर केले ते १९६५ च्या ऑक्टोबरमध्ये. दलरी त्याआधी कितीतरी वर्षे धुळीच्या रस्त्यावर चालत होते. पुढे त्यांनी येशूसंघ सोडला, ते फ्रान्सला परतले, भारतावर लिहीत राहिले आणि २०१५ साली वारले. त्यांच्या त्या निर्णयाची चर्चा आम्ही करणार नाही. आम्हाला त्यांचे चालणे महत्त्वाचे वाटते.

कारण चालण्याविषयी आपल्या शुभवर्तमानात एक फार सुंदर प्रसंग आहे. लूकच्या चोविसाव्या अध्यायात दोन शिष्य यरुशलेमहून अम्माऊसकडे निघाले आहेत. मन मोडलेले आहे. पुनरुत्थित प्रभू त्यांच्या शेजारी येऊन चालू लागतो. हा प्रसंग आपण दरवर्षी पुनरुत्थानाच्या काळात ऐकतो आणि आपले प्रवचन बहुधा भाकर मोडण्यावर येऊन थांबते. पण सुरुवात नीट वाचा. प्रभू आधी काही शिकवत नाही. तो विचारतो, चालताना तुम्ही आपसात काय बोलत आहात? ते थबकतात. क्लयपा जरा चिडूनच म्हणतो, यरुशलेमात राहून तुला एवढेही ठाऊक नाही? आणि प्रभू पुन्हा विचारतो, काय झाले? ज्याच्यावर ते सर्व घडले, ज्याच्या हातापायांवर अजून खुणा आहेत, तो विचारतो, काय झाले! त्याला उत्तर माहीत होते. तरी त्याने विचारले, आणि ते बोलत असताना मध्ये तोंड घातले नाही. शिष्यांचे ते बोलणे शुभवर्तमानात सहा-सात वचनांचे आहे. त्यात चुका आहेत, निराशा आहे, स्त्रियांनी आणलेल्या वार्तेवर अविश्वास आहे. त्या सगळ्या चुका प्रभूने आधी ऐकून घेतल्या. बोलला तो त्यानंतर.

आता ज्यांच्यासाठी हे सारे लिहायला घेतले त्यांच्याकडे येतो.

गी प्वातव्हाँ यांचा जन्म १९३४ साली फ्रान्समध्ये झाला. १९७० च्या दशकात ते पुण्यात स्थायिक झाले, मराठी शिकले आणि पुढे त्यांनी भारतीय नागरिकत्व घेतले. त्यांच्या जीवनसाथी आणि कामातील सोबती पुण्याच्या हेमा राईरकर. दोघांनी मुळशी, मावळ अशा आपल्या पश्चिमेकडील डोंगरी भागात खेड्यांतल्या गरीब कुटुंबांसोबत काम सुरू केले. पुण्यात समाजशास्त्रांच्या सहकारी संशोधनासाठी एक केंद्रही उभारले. शिबिरे घ्यायची, गावातल्या स्त्रीपुरुषांनी स्वतःच्या जगण्याविषयी स्वतः बोलायचे, शिकवणारा बाहेरचा नको, अशी त्यांची पद्धत होती.

अशा बैठकींत बायकांना बोलते करणे अवघड जाते, हे आपल्या लहान ख्रिस्ती समूहांच्या बैठका घेणाऱ्यांना सांगायला नको. पुरुष बोलतात, बायका पदर तोंडावर धरतात. पण एका ठिकाणी त्याच बायका पिढ्यानपिढ्या मोकळेपणाने बोलत आल्या होत्या. ते ठिकाण म्हणजे जाते. पहाटे घरातले सगळे झोपलेले असताना सासू-सुना, जावा-नणंदा समोरासमोर बसत. एका खुंट्याला दोघींचे हात. मूठमूठ धान्य वैरायचे आणि ओवी म्हणायची. माहेरची वाट, भावाची आठवण, नवऱ्याचा मार, लेकीचे लग्न, वनवासातली सीता, विठ्ठलावर रुसलेली रुक्मिणी, आणि दलित वस्त्यांत बाबासाहेब आंबेडकर. दिवसा जे बोलता येत नसे ते पहाटे जात्याला सांगितले जाई. जाते कोणाला चुगली करीत नाही.

गावोगाव विजेच्या गिरण्या आल्या आणि बायकांचे खांदे सुटले. ही आनंदाचीच गोष्ट, त्याबद्दल कोणी हळहळू नये. आमच्या आईच्या तळहाताला पडलेले घट्टे आम्ही पाहिले आहेत. परंतु दळणाबरोबर ओवीही थांबली. ती कागदावर कधीच नव्हती. म्हातारी गेली की तिच्याबरोबर शेकडो ओव्या जात.

प्वातव्हाँ आणि हेमाताई यांनी १९८० च्या दशकापासून या ओव्या गोळा करायला सुरुवात केली. ते आणि त्यांचे गावोगावचे सहकारी म्हाताऱ्या बायकांकडे जाऊन बसत. ओव्या लिहून घेत, कोणी म्हटली, कोणत्या गावची, हे सगळे टिपून ठेवत. १९९० च्या दशकात बर्नार बेल हे संगीताचे आणि संगणकाचे दुसरे एक फ्रेंच जाणकार त्यांना मिळाले, आणि आवाजही ध्वनिमुद्रित होऊ लागले. एकूण संग्रह एक लाखाहून अधिक ओव्यांचा झाला. महाराष्ट्रातील एक हजाराहून अधिक गावे, तीन हजारांहून अधिक गाणाऱ्या बाया, आणि १२० तासांच्या आसपास ध्वनिमुद्रण. यातील एकेक आकडा वाचताना थोडे थांबावे. एक लाख ओव्या म्हणजे एक लाख वेळा कोणीतरी कोणासमोर गप्प बसून ऐकले.

प्वातव्हाँ २००४ साली वारले आणि हेमाताई २०१० साली. काम थांबले नाही. २०१७ पासून पीपल्स आर्काइव्ह ऑफ रूरल इंडिया या संस्थेने या ओव्या इंटरनेटवर आणल्या आहेत, जिथे मिळाला तिथे आवाजासह आणि गाणाऱ्या बाईच्या नावागावासह. आपल्या मुलांच्या हातातल्या मोबाइलवर त्या आज रात्रीही ऐकता येतील.

आणखी एक सांगायला हवे. याच माणसाने दया पवार यांचे ‘बलुतं’ आणि बेबीताई कांबळे यांचे ‘जिणं आमुचं’ ही दोन्ही आत्मकथने फ्रेंच भाषेत नेली. आपल्या धर्मग्रामातील कितीतरी कुटुंबांच्या आजा-पणज्यांची कहाणी त्या पुस्तकांतल्या कहाणीहून वेगळी नाही. गावकुसाबाहेरची वस्ती, येसकरीची भाकर, दुष्काळ, आणि मग मिशनच्या दारात मिळालेले औषध व पाटी-पेन्सिल. आपण ते घरात मुलांना सांगत नाही. पॅरिसमधल्या वाचकाला ते माहीत आहे, आणि बिबवेवाडीतल्या आपल्या नातवाला नाही. हे लिहिताना आम्हाला बरे वाटत नाही.

पवित्र शास्त्र उघडले तर जाते तिथेही आहे. अनुवादाच्या चोविसाव्या अध्यायात देव आज्ञा देतो की कोणी कोणाचे जाते, किंवा त्याचा वरचा दगडसुद्धा, गहाण ठेवून घेऊ नये, कारण तसे करणे म्हणजे माणसाचा जीवच गहाण ठेवून घेणे. यिर्मयाला देशावर येणारी अवकळा सांगायची आहे, तेव्हा तो म्हणतो की आनंदाचा शब्द, नवरानवरीचा शब्द, जात्याचा आवाज आणि दिव्याचा उजेड हे सर्व नाहीसे होईल. लग्नाच्या आनंदाशेजारी त्याने जात्याचा आवाज ठेवला आहे. प्रकटीकरणातही बाबेल उजाड होते तेव्हा जात्याचा आवाज बंद पडतो. आणि आपला प्रभू अखेरच्या दिवसाविषयी बोलताना उदाहरण कोणाचे देतो? मत्तयच्या चोविसाव्या अध्यायात तो जात्यावर दळणाऱ्या दोन स्त्रियांचे देतो. नासरेथच्या घरात मरियामाय दळत असणार, आणि लहान येशू तो आवाज ऐकत जागा होत असणार. शास्त्रात तसे लिहिलेले नाही, पण त्या काळी गरिबाच्या घरी दुसरे काय होते?

आता आपल्या बिबवेवाडीकडे पाहू. आपण बहुतेक सगळे बाहेरून आलो. नगर जिल्ह्यातून, ज्याला २०२४ पासून अहिल्यानगर म्हणतात, जालन्याकडून, संगमनेर-श्रीरामपूरकडून. कोणी मार्केट यार्डात हमाली करून, कोणी रिक्षा चालवून, कोणी धर्मभगिनींच्या शाळेत शिपाई म्हणून, कोणी दवाखान्यात आया म्हणून घर उभे केले. मुले इंग्रजी माध्यमात शिकली, चांगल्या नोकऱ्यांना लागली, गंगाधामच्या बाजूला फ्लॅट घेतले. यात चुकीचे काही नाही, देवाचे आभारच मानू. पण या चढणीवर एक माणूस मागे राहिला. मिस्साला आजी येते, शेवटच्या बाकावर बसते. वाचनासाठी तिला कोणी बोलवत नाही, कारण तिला वाचता येत नाही. श्रद्धावंतांच्या प्रार्थना छापील असतात. गायकवृंदात तिचा सूर बसत नाही. घरी पाहुणे आले की सून हळूच म्हणते, आई, तुम्ही आत बसा. ती ‘येसू’ म्हणते, ‘मिस्साला’च्या जागी ‘मिशेला’ म्हणते, आणि नातू तिला चारचौघांत सुधारतो.

आमचेही तेच झाले. त्या संध्याकाळी माईक काढून घेणारा हात आमचा होता. आम्ही पुष्कळदा अम्माऊसवर प्रवचन दिले आहे. काय झाले, असे आम्ही त्या आजींना कधी विचारले नाही.

काही जणांचे म्हणणे आम्हाला माहीत आहे. एका बंधूंनी स्पष्टच विचारले, फादर, ओव्यांत तर विठ्ठल आहे, सीता आहे, मग त्या चर्चमध्ये कशाला? प्रश्न रास्त आहे. आमचे उत्तर असे की मिस्साविधीत काय गावे याचे ख्रिस्तसभेचे नियम आहेत आणि ते आपण पाळतोच. पण आजीच्या मनात काय आहे हे ऐकायला कोणता नियम आड येतो? पन्नास वर्षांपूर्वी शेजारणीबरोबर दळताना तिने रुक्मिणीची ओवी म्हटली असेल, आणि त्याच जात्यावर मरियेचीही. दोन्ही तिच्याच आयुष्याच्या आहेत. ऐकणाऱ्याने आधी निवड करायची नसते. आणि ज्यांना वाटते की परदेशी लोक अशा गोष्टींचे उगाच कौतुक करतात, त्यांच्या म्हणण्यातही थोडे तथ्य आहे. कौतुक करणारे पुष्कळ येतात, फोटो काढून जातात. प्वातव्हाँ आले ते परत गेले नाहीत. इथेच वारले.

म्हणून धर्मग्राम समितीशी बोलून आम्ही पुढील काम ठरवले आहे. येत्या रविवारपासून सकाळच्या मराठी मिस्सानंतर सभागृहामागची छोटी खोली उघडी राहील. युवक मंडळातील सहा जणांनी नावे दिली आहेत, त्यात त्या संध्याकाळी हसणाऱ्यांपैकी दोघे आहेत. ज्या आजी-आजोबांना यायचे आहे त्यांनी यावे. ज्यांना जिना चढता येत नाही त्यांच्या घरी मुले येतील, फक्त घरच्यांनी वेळ कळवावी. ओवी, पाळणा, गावाकडचे ख्रिस्तजन्माचे गाणे, दुष्काळातली गोष्ट, काहीही चालेल. मोबाइलवर आवाज घेण्याआधी त्यांना विचारायचे, नाही म्हटले तर नुसते ऐकायचे. वहीत त्यांचे नाव, सासरचे गाव आणि माहेरचे गाव लिहायचे. शब्द दुरुस्त करायचे नाहीत. ओवी अर्ध्यावर थांबली तर पुढची ओळ आपण सुचवायची नाही, आठवेपर्यंत थांबायचे. त्यांना ‘अहो आजी’ म्हणायचे आणि खुर्ची आधी त्यांना द्यायची.

सून-लेकींनाही बोलावणे आहे. विशेषतः ज्यांना चाल आठवते आणि शब्द आठवत नाहीत, त्यांनी चाल तरी गुणगुणून जावी.

एका कुटुंबाने गावाकडून आपले जुने जाते आणून दिले आहे. दगड चांगला आहे, पण खुंटा सैल झाला आहे आणि फिरवताना निघून येतो. आपल्यापैकी कोणाला सुतारकाम येत असेल तर शनिवारी संध्याकाळी पाचनंतर हत्यारे घेऊन यावे. दोन किलो ज्वारी आम्ही आणून ठेवली आहे.